परक्या घरचा कारभारी

फुटबॉलशी आमचे नाते तसे सांगोवांगीचेच. तरुणपणी आम्ही चार-दोन सामने खेळलो, तेही अकरावा गडी आला नाही म्हणून. आणि त्या वेळी चेंडूपेक्षा चेंडूमागून येणाऱ्या पायांचीच धास्ती आम्हांस अधिक वाटे. मात्र आमच्या धर्मग्रामाच्या युवक मंडळाचे आम्ही सहा वर्षे चिटणीस होतो आणि अक्षर बरे म्हणून इतिवृत्ताची वही सदैव आमच्याच हाती असे. त्या वहीत एक पान आहे. आज कितीतरी वर्षांनी, वसईपासून हजारो मैलांवर, स्कॉटलंडमधील ग्लासगो शहरात एका पुतळ्यासमोर उभे असताना आम्हांस त्या पानाची आठवण झाली. म्हणून हा लेखनप्रपंच.

आमची भाची ग्लासगोच्या एका रुग्णालयात परिचारिका आहे. तिच्या आग्रहावरून आम्ही तेथे महिनाभर राहिलो. एका रविवारी मिस्सा आटोपून बाहेर पडताच ती म्हणाली, ‘‘मामा, इथलं एक तीर्थक्षेत्र तुम्ही अजून पाहिलेलंच नाही.’’ एखादे जुने चर्च असेल, एखाद्या संताची समाधी असेल, अशा समजुतीने आम्ही बसमध्ये बसलो. बस शहराच्या पूर्व भागात गेली आणि भाचीने आम्हांस उतरवले ते एका प्रचंड फुटबॉल मैदानाच्या दाराशी! आमचा चेहरा पडलेला तिने पाहिला असावा. ‘‘थांबा हो,’’ असे म्हणून तिने आम्हांस हाताला धरून पुढे नेले.

दाराशी खरोखरच एक धर्मबंधू बसलेले होते. ब्राँझचे. ब्रदर वॉलफ्रिड हे त्यांचे व्रतस्थ जीवनातले नाव. जन्मनाव अँड्र्यू केरिन्स. आयर्लंडच्या स्लायगो परगण्यातील बॅलिमोट गावचा हा मारिस्ट ब्रदर ग्लासगोतील गरिबांच्या शाळेचा मुख्याध्यापक होता. दुष्काळाने आणि दारिद्र्याने देशोधडीला लागलेली आयरिश कुटुंबे या भागात दाटीवाटीने राहत. मुले उपाशीपोटी शाळेत येत, किंवा पोटासाठी येतच नसत. त्यांना दुपारचे जेवण मिळावे म्हणून ब्रदरांनी व्हिन्सेंट दी पॉल सोसायटीच्या स्थानिक शाखांच्या मदतीने भोजनाची सोय केली. त्या भोजनाला पैसा हवा म्हणून ६ नोव्हेंबर १८८७ रोजी सेंट मेरी चर्चच्या सभागृहात बैठक भरली आणि तीत एका फुटबॉल क्लबचा जन्म झाला. तोच हा सेल्टिक क्लब. पुढच्या वर्षीच्या मे महिन्यात त्याचा पहिला सामना झाला तो त्याच शहरातील रेंजर्स संघाशी. सेल्टिकने तो ५-२ असा जिंकला.

आपल्या धर्मग्रामांतही व्हिन्सेंट दी पॉलची मंडळी आहेत. दर रविवारी मिस्सेनंतर त्यांची पेटी फिरते आणि कोणा विधवेच्या घरी तांदूळ पोहोचतो. त्याच पेटीतून निघालेला एक धागा साठ हजार आसनांच्या या मैदानापर्यंत येऊन पोहोचला आहे, हे पाहून आमची रुसलेली मुद्रा क्षणात बदलली. खरे तर हेही सांगितले पाहिजे की १८९२ मध्ये ब्रदरांची लंडनला बदली झाली, १८९७ मध्ये क्लबची रीतसर कंपनी झाली, आणि मुलांच्या ताटाचा विषय हळूहळू मागे पडला. संस्था मोठ्या होतात तेव्हा असे होतच असते. पण एक गोष्ट मागे पडली नाही. सेल्टिक म्हणजे कॅथलिकांचा, रेंजर्स म्हणजे प्रॉटेस्टंटांचा, ही वाटणी मात्र पिढ्यान्‌पिढ्या पक्की होत गेली. पहिल्या महायुद्धाच्या सुमारापासून थेट १९८९ पर्यंत रेंजर्सने उघडपणे कॅथलिक असलेल्या खेळाडूला घ्यायचे नाही, असा अलिखित रिवाजच जवळजवळ पाळला.

ब्रदरांच्या जवळच आणखी एक पुतळा उभा आहे. सुटाबुटातला, भरदार अंगाचा गृहस्थ. हाती मोठा चषक. २०११ मध्ये तो येथे बसवला गेला. ‘‘आणि हे? ब्रदरांचे विद्यार्थी का?’’ आम्ही विचारले.

‘‘हा जॉक स्टीन. क्लबचा सगळ्यांत थोर प्रशिक्षक.’’ आणि मग हसून, ‘‘मामा, हा तर प्रॉटेस्टंट होता.’’

पुढील आठवडाभर ग्लासगोत पावसाने उसंत दिली नाही. भाचीच्या शेजाऱ्याने आणून दिलेली पुस्तके आम्ही खिडकीशी बसून वाचून काढली. या जॉक स्टीनची कथा त्यांतूनच हाती लागली.

ग्लासगोच्या आग्नेयेस लॅनर्कशायर नावाचा परगणा आहे. तेथील हॅमिल्टन गावाच्या बर्नबँक या खाणवस्तीत ५ ऑक्टोबर १९२२ रोजी जॉन स्टीनचा जन्म झाला. जॉनचे तिकडच्या बोलीत जॉक होते. बाप कोळशाच्या खाणीत; मुलगा थोडे दिवस गालिच्यांच्या कारखान्यात काम करून अखेर बापाच्याच वाटेने खाली उतरला. खाली म्हणजे अक्षरशः खाली. शेजारच्या ब्लँटायर गावी १८७७ मध्ये खाणीत स्फोट होऊन दोनशेहून अधिक माणसे गेली होती. त्यांत आयरिश कॅथलिक पुष्कळ होते. वर जमिनीवर त्यांचे नि यांचे चर्च वेगळे, शाळा वेगळी, फुटबॉलचा संघही वेगळा. पण खाली, जेथे स्वतःचा हातही दिसत नाही, तेथे शेजारचा माणूस कोणत्या चर्चला जातो याची चौकशी कोण करणार? छत कोसळू लागले की त्याच्याच आरोळीवर आपला जीव अवलंबून. पुढे जगभर नाव झाल्यावरही स्टीन खाणीतल्या सोबत्यांविषयी ज्या आदराने बोले, तो आदर कोणा खेळाडूच्या वाट्याला क्वचितच आला असेल.

१९४२ मध्ये तो अॅल्बियन रोव्हर्स या क्लबात आला. कोटब्रिज गावचा हा छोटासा क्लब. तेव्हाही धडपडणारा, आणि पुढे २०२३ मध्ये तर राष्ट्रीय लीगमधील आपली जागाच गमावून बसलेला. युद्ध चालू होते. खाणकामगार म्हणून स्टीनला लष्करभरतीतून सूट होती; तेव्हा आठवडाभर कोळसा आणि शनिवारी फुटबॉल असा त्याचा क्रम पडला. रोव्हर्सकडून तो पहिल्यांदा उतरला तो सेल्टिकविरुद्धच, आणि सामना ४-४ असा बरोबरीत सुटला. योगायोग म्हणून याची नोंद करतो; स्टीनने त्या दिवशी त्याकडे योगायोग म्हणून पाहिले असेल असे वाटत नाही.

खेळाडू म्हणून त्याची योग्यता काय? सरळ सांगायचे तर मध्यम. उंच, डोक्याने चेंडू परतवण्यात पक्का, गुडघ्यानेही चेंडू अडवून दूर घालवण्याची विचित्र हातोटी असलेला बचावपटू, डाव्या पायाचा, उजव्या पायाचा उपयोग बहुधा उभे राहण्यापुरता. आठ वर्षे तो या छोट्या क्लबाकडून खेळला. १९४८ मध्ये रोव्हर्स वरच्या विभागात चढले आणि वर्षभरातच मार खाऊन खाली आले. मग पैशांवरून क्लबाशी बिनसले, आणि १९५० मध्ये वेल्समधील लानेली या लीगबाहेरच्या संघाने आठवड्याला १२ पौंडांवर त्याला बोलावले. वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी प्रथमच तो केवळ फुटबॉलवर जगू लागला. पण तेथेही स्वास्थ्य नव्हते. हॅमिल्टनचे बंद घर चोरांनी दोनदा फोडले. पत्नी कष्टी झाली. आणि आता गाशा गुंडाळून परत खाणीत जावे, असे त्याच्या मनाने घेतले.

येथे कथा संपली असती तर स्टीनचे नाव कोणालाच ठाऊक झाले नसते. अशा शेकडो खेळाडूंच्या कथा तेथेच संपल्या आहेत. पण सेल्टिकच्या राखीव संघाचे काम पाहणाऱ्या जिमी ग्रिबन यांना हा अॅल्बियन रोव्हर्सचा दणकट गडी आठवला. राखीव संघात कोवळ्या पोरांना आधार द्यायला एक जाणता माणूस हवा होता, इतकेच. डिसेंबर १९५१ मध्ये अवघे १,२०० पौंड देऊन त्याला आणले गेले. त्याच सुमारास मुख्य संघाचे बचावपटू एकापाठोपाठ जायबंदी झाले आणि नाइलाजाने स्टीनला मैदानात उतरवावे लागले. त्यानंतर त्याला बाहेर बसवायचे कोणाच्या मनात आले नाही. वर्षभराने कर्णधार शॉन फॅलन याने त्याला आपला उपकर्णधार निवडले. फॅलनचा हात मोडला आणि स्टीन कर्णधार झाला. मे १९५३ मध्ये राणीच्या राज्यारोहणानिमित्त झालेल्या स्पर्धेत सेल्टिकने आर्सेनल, मँचेस्टर युनायटेड आणि हिबर्नियन यांना ओळीने हरवले. पुढच्या मोसमात लीग आणि स्कॉटिश चषक ही दोन्ही विजेतीपदे आली. असा दुहेरी योग क्लबाला १९१४ नंतर प्रथमच लाभला.

या यशाची किंमत घरी मोजावी लागली. स्टीनचे घराणे आणि भोवतालची वस्ती रेंजर्सवाली. जिवलग म्हणवणाऱ्या काहींनी तो सेल्टिकचा झाला म्हणून त्याच्याशी बोलणे टाकले. आपल्याकडे भाऊबंदकीत बांधावरून बोलणे टाकतात, तेथे जर्सीच्या रंगावरून टाकले, एवढाच फरक.

ऑगस्ट १९५५ मध्ये रेंजर्सशीच खेळताना त्याचा घोटा दुखावला आणि तो पाय पुन्हा कधी पूर्ववत झाला नाही. खेळ थांबला, लंगडणे जन्माचे झाले. क्लबचे अध्यक्ष रॉबर्ट केली यांनी १९५७ मध्ये राखीव संघातील मुले त्याच्या स्वाधीन केली.

आम्हांस या कथेत सर्वांत गोड वाटतो तो हा भाग. त्या काळी सेल्टिकचा सराव म्हणजे मैदानाभोवती फेऱ्या मारणे. चेंडू आठवडाभर दिसला नाही म्हणजे शनिवारी त्याची भूक वाढते, असा एक अजब सिद्धांत तेव्हा प्रचलित होता! स्टीनने पोरांच्या पायात चेंडू दिला. १९५३ मध्ये हंगेरीने इंग्लंडला वेम्बलीवर धूळ चारली, तो सामना केली यांनी आपल्या खेळाडूंना मुद्दाम नेऊन दाखवला होता. इतरांनी तो पाहिला. स्टीनने तो पाठ केला. संध्याकाळी लॅनर्कशायरकडे जाणाऱ्या बसमध्ये बिली मॅकनीलसारखी पोरे त्याच्याबरोबर असत आणि प्रवासभर फुटबॉलचीच चर्चा चाले. पुढे ज्या संघाने युरोप जिंकला, त्याची पहिली शाळा अशी बसच्या बाकांवर भरली.

राखीव संघ जिंकू लागला. मग पुढे काय? सेल्टिकच्या मुख्य व्यवस्थापकपदी तोवर तीन माणसे बसली होती आणि तिन्ही कॅथलिक. चौथा प्रॉटेस्टंट कसा बसेल? तसे कोणी तोंडाने बोलले नाही. बोलण्याची गरजही नव्हती. येथे आपल्याला यापुढे पायरी नाही हे ओळखून मार्च १९६० मध्ये स्टीन डन्फर्मलिन या गावी निघून गेला.

वहीतले ते पान येथे उघडणे आम्हांस भाग आहे.

आमच्या धर्मग्रामाच्या फुटबॉल संघाला १९८२ पासून एक मास्तर लाभले होते. मूळचे नगरकडचे, रेल्वेत नोकरीला, स्टेशनजवळ भाड्याच्या खोलीत राहणारे. त्यांच्या आजोबांपासून घराणे मिशनच्या मंडळीतले, म्हणजे प्रॉटेस्टंट. आमच्या मैदानावरून जाताना मुलांचा खेळ पाहून ते थांबले आणि थांबले ते दोन वर्षे. भात कापल्यावर मोकळ्या झालेल्या शेतात ते मुलांना अनवाणी धावायला लावीत; चर्चच्या आवाराच्या भिंतीवर डाव्या पायाने शंभर वेळा चेंडू मारायला लावीत. गिलावा पडतो म्हणून फादर रागावत, तेव्हा मास्तर पुढल्या रविवारी स्वतः थापी घेऊन हजर! त्यांनी कधी एक पैसा घेतला नाही. दुसऱ्या वर्षी आमचा संघ आसपासच्या धर्मग्रामांच्या स्पर्धेत उपांत्य फेरीपर्यंत गेला. त्याआधी तो पहिल्या फेरीपलीकडे कधी गेला नव्हता.

सामन्यापूर्वी मुले ‘नमो मारिया’ म्हणत. मास्तर टोपी काढून, मान खाली घालून उभे राहत. मात्र त्यांचे ओठ हलत नसत. ही गोष्ट कोणाच्या तरी लक्षात आली. पावसाळा सरता सरता मंडळाची बैठक भरली. कोणी वाईट बोलले नाही. मास्तरांची स्तुतीच झाली. फक्त एवढेच म्हटले गेले की मुले कोवळ्या वयाची आहेत, आणि संघ शेवटी धर्मग्रामाचा आहे. ‘संघाचा प्रशिक्षक धर्मग्रामातीलच असावा’ असा ठराव एकमताने संमत झाला. एकमताने याचा अर्थ आमचेही मत त्यात होते. हे बरोबर नाही असे त्या वेळी आम्हांस वाटले होते की ते आम्ही नंतर स्वतःच्या समाधानासाठी जोडून घेतले, हे आज शपथेवर सांगता येणार नाही. आम्ही ठराव वहीत लिहिला आणि मास्तरांना आभाराचे पत्र लिहिले. सुवाच्य अक्षरात, दोन्हीकडे समास सोडून.

डन्फर्मलिन तेव्हा तळाशी होते. चार महिन्यांत त्यांना एक विजय मिळाला नव्हता आणि खालच्या विभागात घसरण ठरलेली होती. स्टीन आल्यावर पहिलाच सामना सेल्टिकशी पडला. तो जिंकला ३-२ असा, आणि मग ओळीने आणखी पाच. पुढच्याच वर्षी, १९६१ च्या स्कॉटिश चषकाच्या अंतिम सामन्यात, या खाणपट्ट्यातील लहानशा क्लबाची गाठ पुन्हा सेल्टिकशीच पडली. पहिला सामना गोलशून्य बरोबरीत. फेरसामन्यात डन्फर्मलिन २-० ने विजयी. ज्या घरातून पायरी नाही म्हणून माणूस बाहेर पडला, त्याच घराच्या अंगणातून त्याने चषक उचलून नेला.

तो शिकत राहिला. १९६३ मध्ये तो इटलीत मिलानला जाऊन तेथील इंटर या बलाढ्य संघाचा सराव पाहून आला. इंटरचे प्रशिक्षक हेलेनियो हेरेरा यांची बचावाची तटबंदी तेव्हा अभेद्य समजली जाई. या प्रवासात त्याच्यासोबत होते विली वॉडेल; रेंजर्सचे जुने खेळाडू! १९६४ मध्ये स्टीन एडिंबरोच्या हिबर्नियनकडे गेला. हाही क्लब १८७५ मध्ये सेंट पॅट्रिक चर्चच्या आयरिश मंडळींनी स्थापलेला. त्याच वर्षी हिबर्नियनने मैत्रीपूर्ण सामन्यात साक्षात रेआल माद्रिदला २-० असे हरवले. आता मात्र केली अध्यक्षांना राहवेना. त्यांनी आधी फॅलनच्या जोडीने काम करण्याचे सुचवले; स्टीनने नकार दिला. पूर्ण अधिकार, नाहीतर काहीच नाही. मार्च १९६५ मध्ये तो सेल्टिकचा चौथा व्यवस्थापक झाला. पहिला प्रॉटेस्टंट. सात आठवड्यांत सेल्टिकने स्कॉटिश चषक जिंकला, आणि अंतिम सामन्यात ३-२ असे हरवले कोणाला? डन्फर्मलिनला.

केली अध्यक्षांना येथे दोष देणे सोपे आहे. आम्ही देणार नाही. त्यांना पाच वर्षे लागली, पण त्यांनी आपला ठराव मागे घेतला.

पुढची दोन वर्षे म्हणजे या क्लबचा सुवर्णकाळ. स्टीनने अंगात सरावाचा पोशाख चढवला आणि तो स्वतः मैदानात उतरला. रॉनी सिम्पसन नावाचा गोलरक्षक होता. हिबर्नियनमध्ये असताना स्टीननेच त्याला म्हातारा समजून सेल्टिकला विकले होते; त्याचे वडील एके काळी रेंजर्सचे कर्णधार. स्टीन मागोमाग सेल्टिकमध्ये आल्याचे कळताच आता आपली येथूनही उचलबांगडी होणार, अशी त्याची खात्री झाली. प्रत्यक्षात छत्तिसाव्या वर्षी तो युरोपच्या अंतिम सामन्यात गोलात उभा होता. स्टीनला आपली चूक दुरुस्त करण्याची लाज वाटत नसे.

कॅथलिक आणि प्रॉटेस्टंट असे दोन सारख्याच गुणांचे खेळाडू समोर आले तर कोणाला घ्याल, असे त्याला एकदा विचारले गेले. प्रॉटेस्टंटला, असे त्याने सांगितले. कारण कॅथलिकाला रेंजर्स घेणार नाहीत हे पक्के ठाऊक आहे, तो पुढे आपलाच! या उत्तरावर ग्लासगो आजही हसते. एका वाक्यात त्याने दुसऱ्याच्या कुंपणाचे आपल्यासाठी शेत केले.

तो अंतिम सामना २५ मे १९६७ रोजी लिस्बनला झाला. गुरुवार होता, आणि त्या वर्षी त्याच दिवशी ख्रिस्तशरीराचा सण आला होता. हजारो स्कॉटिश प्रेक्षक, त्यांतील कितीतरी जन्मात पहिल्यांदाच देशाबाहेर आलेले, सकाळी लिस्बनच्या चर्चमध्ये मिस्सेला बसले आणि संध्याकाळी मैदानावर. समोर होता हेरेरांचा इंटर. सेल्टिकचे अकराही खेळाडू ग्लासगोपासून तीस मैलांच्या आत जन्मलेले. काही कॅथलिक, काही प्रॉटेस्टंट. सातव्याच मिनिटाला पेनल्टीवर इंटरचा गोल झाला आणि इटालियन मंडळी आपल्या तटबंदीत जाऊन बसली. सेल्टिकने आडव्या खांबावर दोनदा चेंडू आदळला. इंटरच्या सार्ती या गोलरक्षकाने कमाल केली. त्रेसष्टाव्या मिनिटाला उजवीकडचा बॅक जिम क्रेग याने चेंडू आत ढकलला आणि डावीकडचा बॅक टॉमी जेमेल याने तो दूरवरून जाळ्यात मारला. एक बॅक पुढे गेला तर दुसऱ्याने मागेच राहायचे, अशी स्टीनची सक्त ताकीद होती. जेमेलने ती त्या दिवशी मोडली. सामना संपायला पाच-सहा मिनिटे असताना स्टीव्ह चामर्सने दुसरा गोल केला. ब्रिटनमधील कोणत्याही क्लबाने युरोपियन चषक जिंकण्याची ही पहिली वेळ. रेंजर्सवाल्या वस्तीतल्या खाणकामगाराने ब्रदर वॉलफ्रिडांच्या भोजनगृहाला युरोपच्या शिखरावर नेऊन बसवले.

सलग नऊ वर्षे, १९७४ पर्यंत, स्कॉटलंडची लीग सेल्टिककडेच राहिली. तो आकड्यांचा हिशेब येथे मांडत नाही. त्यापेक्षा जिमी जॉनस्टनची गोष्ट सांगण्याजोगी आहे. हा बुटका, तांबड्या केसांचा पठ्ठ्या मैदानात कोणाला भीत नसे, पण विमानाला भयंकर भिई. १९६८ मध्ये बेलग्रेडच्या संघाशी घरच्या मैदानावर मध्यंतराला १-१ अशी बरोबरी होती. ‘आज मोठा विजय मिळवून दे, परतीच्या सामन्याला तुला विमानात बसवणार नाही’ असे वचन स्टीनने त्याला दिले. जॉनस्टनने असा काही धुमाकूळ घातला की सामना ५-१ असा सुटला. आणि स्टीनने शब्द पाळला.

पण आम्हांस त्याचा मोठेपणा चषकांत जेवढा दिसला नाही, तेवढा दोन अन्य प्रसंगांत दिसला. २ जानेवारी १९७१ रोजी रेंजर्सच्या मैदानावर सेल्टिकशी सामना संपल्यावर बाहेर पडणाऱ्या गर्दीत जिन्यावर चेंगराचेंगरी होऊन ६६ माणसे मेली. सारे रेंजर्सचे पाठीराखे. सेल्टिकचा हा व्यवस्थापक त्या संध्याकाळी स्ट्रेचर वाहण्यास हात लावत होता. या दुःखाने तरी दोन बाजूंचा द्वेष ओसरावा, असे तो नंतर बोलला. दुसरा प्रसंग १९७२ मधला, स्टर्लिंग गावचा. सेल्टिकचे काही पाठीराखे आयर्लंडमधील सशस्त्र संघटनेचे गोडवे गाणारी गाणी म्हणू लागले. स्टीन आपल्या जागेवरून उठला, कठडा ओलांडून लंगडत त्या गर्दीत शिरला आणि त्याने त्यांना तेथल्या तेथे फैलावर घेतले. कॅथलिकांच्या गर्दीत एकटा प्रॉटेस्टंट! गाणी थांबली. घरच्या माणसालाच असे रागावता येते; आणि तोवर तो त्यांच्या घरचा झाला होता.

उतरण सर्वांच्याच वाट्याला येते. १९७३ मध्ये हृदयाने इशारा दिला. जुलै १९७५ मध्ये सुटीहून परतताना रस्त्यावर मोटारीचा भीषण अपघात झाला आणि तो मरणाच्या दारातून परतला. एक वर्ष घरी. मग पुन्हा काम, पुन्हा दुहेरी विजेतेपद. पण पूर्वीचा जोम राहिला नाही. १९७८ मध्ये क्लबाने त्याच्या जागी त्याचाच शिष्य मॅकनील याला आणले, आणि स्टीनला क्लबासाठी पैसा उभा करण्याचे एक काम देऊ केले. ज्याने युरोप जिंकून दिला त्याने सोडतींची तिकिटे खपवावीत! तो इंग्लंडमध्ये लीड्सला गेला, दीड महिन्यात परतला, आणि ऑक्टोबर १९७८ मध्ये स्कॉटलंडच्या राष्ट्रीय संघाचा प्रमुख झाला. आता त्याच्या हाताखाली सेल्टिकवालेही आले नि रेंजर्सवालेही.

१० सप्टेंबर १९८५. वेल्समधील कार्डिफ. विश्वचषकाच्या वाटेवर राहण्यास स्कॉटलंडला बरोबरी पुरेशी होती, पण मध्यंतरापर्यंत वेल्स एका गोलने पुढे. त्यातच गोलरक्षक जिम लेटन याची डोळ्यातली भिंग हरवली. तो भिंगे वापरतो हे स्टीनला तोवर माहीतच नव्हते. बदली गोलरक्षक उतरवावा लागला. अखेर एक्क्याऐंशीव्या मिनिटाला पेनल्टी मिळाली. ती घ्यायला आला डेव्ही कूपर; रेंजर्सचा खेळाडू, आणि जन्माने हॅमिल्टनचा, स्टीनच्याच गावचा. त्याने गोल केला. शेवटच्या क्षणांत पंचाची एक शिट्टी सामना संपल्याची समजून स्टीन वेल्सच्या व्यवस्थापकाकडे जाण्यासाठी उठला आणि कोसळला. मैदानातल्याच वैद्यकीय खोलीत त्याचा अंत झाला. वय बासष्ट. त्याचा त्या वेळचा साहाय्यक अलेक्स फर्ग्युसन हाच पुढे संघ घेऊन मेक्सिकोला गेला.

भारतात परतल्यावर पहिल्याच आठवड्यात आम्ही मास्तरांचा पत्ता शोधला. निवृत्तीनंतर ते मुलाकडे कल्याणला राहतात, असे कळले. वय आता नव्वदीच्या घरात. कानाने कमी ऐकू येते, नजर मात्र शाबूत. त्यांनी आम्हांस ओळखले. आम्ही जॉक स्टीनची कथा सांगू लागलो, आणि लिस्बनचा सामना आला तेव्हा टीपॉयवरचे चहाचे कप घेऊन त्यांनी स्वतःच दोन्ही संघ मांडले. ‘‘दोन्ही बॅक? एकाच वेळी पुढे?’’ त्यांनी दोनदा विचारले. तशी आज्ञा नव्हती, गड्याने ती मोडली, हे सांगताच ते पोट धरून हसले.

मग भाचीने पाठवलेले पुतळ्याचे छायाचित्र आम्ही त्यांना दाखवले. त्यांनी ते खिडकीपाशी नेऊन बराच वेळ न्याहाळले. जे बोलायला आम्ही गेलो होतो त्याची जुळवाजुळव आमच्या मनात चालू होती. दोन वाक्ये कशीबशी बोलूनही झाली. ती त्यांना ऐकू गेली की नाही, कळले नाही.

‘‘तुमचं ते पत्र अजून आहे माझ्याकडे,’’ छायाचित्र परत देत मास्तर म्हणाले. ‘‘अक्षर फार सुरेख होतं तुमचं.’’

आणि सुनेला हाक मारून त्यांनी आणखी एक कप चहा मागवला.